शुद्धिपत्र

मला बुद्धिबळ येत नाही.
हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे
मी घोड्याबद्दल बरंच बोलणार आहे.

तीस वर्षं रीगाच्या एका छापखान्यात
मी खिळे जुळवले.
रेल्वेची वेळापत्रकं, बीट लागवडीच्या पुस्तिका,
आणि दर हिवाळ्यात एखादं बुद्धिबळाचं पुस्तक,
कारण पटाचे खिळे आमच्याकडे होते:
काळ्या घरातला पांढरा हत्ती, पांढऱ्या घरातला काळा उंट,
घराला एक, असे चौसष्ट,
आणि सगळं आरशातल्यासारखं उलटं.
राजा उजवीकडे दिसला की समजायचं, तो डावीकडे आहे.
(घरातल्या माणसांबाबतही मला पुढे हीच सवय लागली.)

खेळ नाही कळला, पुस्तकं कळत गेली.
दोनशे वर्षांपूर्वीच्या एका ग्रंथाचं पुनर्मुद्रण आलं,
त्यात लेखक पहिली अकरा पानं
कुठल्याशा सरदाराच्या पाया पडत होता,
आणि बाराव्या पानावर त्याच सरदाराचा डाव छापून
तो कुठे चुकला ते सांगत होता.
मला तो माणूस आवडला.
नवी पुस्तकं पाया पडत नाहीत,
थेट वाचकाच्या खांद्यावर हात टाकतात:
तीस संध्याकाळी, रोज अर्धा तास.
मोहरे हातानं हलवू नका, मनात हलवा.
हरलेला डाव त्याच रात्री लिहून काढा.
बशा धुताना मीही काढायचे, मनातल्या मनात:
विस्वाल्डिसला तेव्हा तसं बोलायला नको होतं.
सतरावी चाल.

एकाहत्तर साली पत्र आलं.
येनिसेईच्या काठावरचं हवामान केंद्र,
प्रोखोर नावाचा कुणी, वाऱ्याच्या नोंदी ठेवणारा.
"पान सत्याऐंशी. पांढऱ्याची खेळी, तीन चालींत मात.
अकरा हिवाळे शोधतो आहे.
माझंच डोकं कमी पडत असणार,
पण लेखकांना विचारून एवढंच कळवा,
पहिली चाल वजिराची का?"

लेखक वारले होते.
संपादकांनी पत्र माझ्या खणात टाकलं.
मी हस्तलिखित काढलं, बोट ठेवून घरं मोजली.
अडीच घरं चालणारा प्राणी
माझ्या चिमट्यातून एकच घर चालला होता.

त्या दिवशी काय झालं होतं, आठवत नाही.
कुणी मेलं होतं, कुणी जन्मलं होतं,
असं काही सांगता आलं असतं तर बरं झालं असतं.
बहुधा मला भूक लागली होती.

खरा पट कागदावर काढून पाठवला.
खाली लिहिलं: क्षमस्व. वेल्टा, जुळारी.

उत्तर बर्फ वितळल्यावर आलं.
"तुमचा पट मांडला. चहा निवायच्या आत सुटला.
मग घोडा उचलून परत चुकीच्या घरात ठेवला.
तिथे मात नाही, हे आता माहीत आहे.
पण तिथल्या वाटा माझ्या पायाखालच्या आहेत.
माझ्या प्रतीत सत्याऐंशीवर दिव्याचं तेल सांडलंय,
घोडा आता नुसता डाग दिसतो.
तुम्ही काही करावं म्हणून लिहीत नाही."

दुसरी आवृत्ती निघाली शहात्तरात.
पान सत्याऐंशी मीच मागून घेतलं.
आधी चुकीचं जुळवलं,
एकच कागद ठेवला, रूळ फिरवला,
ओला कागद दोरीवर टाकला.
मग चिमट्यानं घोडा उचलून
त्याच्या घरी नेऊन सोडला.
पंधरा हजार प्रतींत तो तिथेच आहे, तपासून पाहा.

टपाल कचेरीत खिडकीतल्या बाईनं विचारलं,
पाकिटात काय?
छापील कागद.
किंमत?
माझ्यामागे रांग होती,
ओले बूट पाय बदलत होते.
बुद्धिबळात म्हणे विचाराला वेळ मोजून देतात.
लिहा, काही नाही, मी म्हणाले,
आणि मग, थांबा,
नोंदणीनं पाठवा.